विमानविद्येचे साधक : कै. शिवकर बापूजी तळपदे

मराठी माणूस नोकरीच्या निमित्ताने घरापासून दूर गेला म्हणजे देव्हारा, पुरणयंत्र आणि ज्ञानेश्वरी यांच्या जोडीला काही अभिमानाच्या गोष्टीही बरोबर नेतो. त्यांतील एक गोष्ट आपल्या मंडळाच्या गणेशोत्सवात मुलांच्या भाषणांतून आम्ही अनेकदा ऐकली आहे. राइट बंधूंच्या आधी आठ वर्षे, म्हणजे १८९५ साली, मुंबईच्या गिरगाव चौपाटीवर शिवकर बापूजी तळपदे नावाच्या एका मराठी गृहस्थाने विमान आकाशात उडविले, ही ती गोष्ट. भाषण संपते, टाळ्या पडतात, आणि तळपदे पुढील वर्षापर्यंत विस्मृतीत जातात. हा माणूस कोण होता, काय शिकला, कोणत्या ग्रंथांच्या नादी लागला आणि त्याने नेमके काय केले, हे कोणी विचारीत नाही. त्या एका उड्डाणाच्या कथेने तळपदे यांचे उरलेले सारे आयुष्य जणू गिळून टाकले आहे. सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी चरित्रलेख मागितला गेला, तेव्हा आम्ही मुद्दाम हाच विषय निवडला.

शिवकर बापूजींचा जन्म १८६४ सालचा. त्यांचे घराणे मुंबईच्या पाठारे प्रभू ज्ञातीतले आणि घर चिराबाजाराच्या वस्तीत. त्या काळची मुंबई झपाट्याने पालटत होती. बोरीबंदर ते ठाणे आगगाडी सुरू होऊन दशक उलटले होते, तारायंत्र आले होते, कापडाच्या गिरण्यांची धुराडी उभी राहत होती. काल ज्याला चमत्कार म्हणावे ते आज रस्त्यावर दिसावे, अशा शहरात हा मुलगा वाढला. पुढे तो सर जमशेटजी जीजीभॉय कलाशाळेत दाखल झाला. चित्रकलेबरोबर हस्तकौशल्याचे शिक्षणही तेथे मिळे. याच शाळेचे विद्यार्थी १८७२ पासून १८८५ पर्यंत आपले गुरू ग्रिफिथ्स यांच्यासमवेत अजिंठ्याच्या लेण्यांतील चित्रांच्या नकला करीत होते. अजिंठ्याच्या भिंतींवर आकाशातून तरंगत जाणारे गंधर्व आणि विद्याधर ज्यांनी पाहिले असतील, त्यांना त्या शाळेच्या वातावरणाची कल्पना सहज यावी. तळपदे पुढे त्याच शाळेत शिक्षक झाले. म्हणजे ते हाताने काम करणारे गृहस्थ होते, हे आम्हांला महत्त्वाचे वाटते. प्राचीन विमानांवर व्याख्याने देणारे पुष्कळ झाले. लाकूड, बांबू आणि कापड हाती घेणारे विरळा.

त्यांच्या आयुष्याला वळण मिळाले ते आर्यसमाजाच्या सहवासातून. स्वामी दयानंदांनी १८७५ साली मुंबईत आर्यसमाजाची स्थापना केली, तेव्हा तळपदे अकरा वर्षांचे होते. कलाशाळेतील त्यांचे एक गुरू चिरंजीलाल वर्मा यांनी त्यांच्या हाती स्वामीजींचा 'ऋग्वेदादिभाष्यभूमिका' हा ग्रंथ दिला. त्या ग्रंथात नौका व विमान यांच्या विद्येवर एक स्वतंत्र प्रकरण आहे, तारविद्येवरही आहे. ऋग्वेदात अश्विनीकुमारांनी समुद्रात बुडणाऱ्या भुज्यूला अंतरिक्षातून जाणाऱ्या नौकांतून तारल्याची जी कथा येते, ती स्वामीजींनी यंत्रविद्येचा संकेत म्हणून लावली. हा अर्थ सर्व पंडितांना मान्य झाला नाही, आणि आम्हांलाही तो ओढूनताणून लावलेला वाटतो. तथापि परकी राज्यात न्यूनगंडाने खचलेल्या तरुणांना त्या अर्थाने केवढे बळ दिले असेल, हे आज स्वतंत्र देशात पगार घेणाऱ्या आम्हा लोकांना उमगणे कठीण आहे. तळपदे यांनी संस्कृतचा अभ्यास आरंभिला, आणि विमान हा त्यांच्या आयुष्याचा ध्यास झाला.

या ध्यासाला खाद्य पुरविणारे वाङ्मय आपल्याकडे उदंड आहे. रामायणातील पुष्पक तर घरोघरी ठाऊक. कालिदासाने रघुवंशाच्या तेराव्या सर्गात त्याच पुष्पकातून राम-सीतेला लंकेहून अयोध्येला नेताना खालचा समुद्र, गोदावरी, पंचवटी आणि गंगा-यमुनांचा संगम असा काही वर्णिला आहे की, कवी कधीतरी उंचावरून खाली पाहून आला असावा असे वाटावे. युद्धातील विमानही आपल्या ग्रंथांना अपरिचित नाही. महाभारताच्या वनपर्वात शाल्व राजा सौभ नावाच्या आकाशगामी नगरात बसून द्वारकेवर चाल करून येतो आणि श्रीकृष्णाला त्याच्याशी लढावे लागते. पंचतंत्रात तर एक कोष्टी आपल्या सुतार मित्राकडून खुंटीवर चालणारा लाकडी गरुड करून घेतो, त्यावर बसून राजकन्येच्या महालात उतरतो, आणि शेवटी त्याच गरुडावरून रणांगणात जाण्याची पाळी त्याच्यावर येते. आणि तुकोबांना न्यायला वैकुंठाहून आलेले विमान कोणत्या मराठी घराला ठाऊक नाही? आमच्या मते या सर्वांत पंचतंत्राची कथा विशेष लक्षणीय आहे. कारण तीत विमान देवाचे नसून सुताराचे आहे. तळपदे हे त्या सुताराच्या जातकुळीचे.

मात्र या ग्रंथांत विमानाचे वर्णन आहे, कृती नाही. पुष्पकाची शोभा किती, हे कवी सांगतो. त्याचा पंख किती हात लांब आणि किती वजनास किती बळ लागे, हे सांगत नाही. अकराव्या शतकातील भोजराजाच्या नावावर असलेल्या 'समराङ्गणसूत्रधार' ग्रंथात लाकडी पक्ष्यात पारा व अग्नी ठेवून आकाशात जाण्याचा उल्लेख आहे, पण तेथेही रचना गुप्त राहावी म्हणून तपशील दिलेला नाही, असे ग्रंथकारच नमूद करतो. हा ग्रंथ बडोद्याच्या गायकवाड प्राच्यमालेत १९२४-२५ साली छापून निघाला. तळपदे त्यापूर्वीच निवर्तले होते.

आता त्या काळी जगात काय चालले होते ते पाहू. जर्मनीत ऑटो लिलिएंथाल हे १८९१ पासून स्वतः बांधलेल्या पंखांवर टेकडीवरून झेपा घेत होते. १८९६ च्या ऑगस्टमध्ये अशाच एका झेपेत पडून त्यांचा अंत झाला. इंग्लंडात हायरम मॅक्सिम यांनी १८९४ साली वाफेच्या इंजिनाचे प्रचंड विमान रुळांवरून पळवून पाहिले. त्याच वर्षी ऑस्ट्रेलियात लॉरेन्स हारग्रेव्ह पेटीच्या आकाराच्या पतंगांना लटकून सोळा फूट वर उचलले गेले. अमेरिकेत ऑक्टेव्ह शनूट यांनी तोवर झालेल्या सर्व प्रयत्नांचा इतिहास १८९४ मध्येच ग्रंथरूपाने प्रसिद्ध केला. अयशस्वी प्रयत्नांची ती भली मोठी यादी होती. तळपदे यांचे खरे स्थान या मंडळींत आहे. फरक इतकाच की, त्यांच्यामागे ना विद्यापीठ होते, ना कारखाना, ना शनूटसारखा टिपणे ठेवणारा मित्र.

तळपदे यांच्या यंत्राचे नाव 'मरुत्सखा', म्हणजे वाऱ्याचा मित्र. नाव सुंदर आहे. कथा अशी सांगतात की १८९५ साली चौपाटीवर हे यंत्र, आत माणूस न बसता, पंधराशे फूट उंच गेले आणि खाली कोसळले. त्या वेळी श्रीमंत सयाजीराव गायकवाड आणि न्यायमूर्ती रानडे उपस्थित होते. पाऱ्याच्या साहाय्याने ते चालले. 'केसरी'त वृत्तान्त आला. पुढे कोणा धनिकाने मदतीचा शब्द दिला व मोडला. आणि तळपदे यांच्या मृत्यूनंतर यंत्राचे अवशेष एका इंग्रजी व्यापारी पेढीला विकले गेले.

आम्ही तीस वर्षे सरकारी कागद वाचून पोट भरले आहे. ज्या टिपणीखाली तारीख नाही ती टिपणी आमच्या साहेबांनी कधी पुढे सरकू दिली नाही. त्या सवयीमुळे असेल, पण ही हकीकत जेथे जेथे वाचली तेथे तेथे आम्ही पहिल्याने 'केसरी'च्या त्या अंकाची तारीख शोधली. ती कोठेच दिलेली नव्हती. मुंबईत त्या काळी इंग्रजी, मराठी, गुजराती वृत्तपत्रे भरपूर होती, आणि चौपाटी काही निर्जन स्थळ नव्हे. महाराज आणि न्यायमूर्ती यांच्यासमक्ष पंधराशे फूट उंच गेलेले यंत्र साऱ्या गिरगावाला दिसले असते. दुसऱ्या दिवशी बातमी आणि आठवड्याने अग्रलेख आला असता. अमेरिकेत लँगली यांचे निर्मनुष्य विमान ६ मे १८९६ रोजी पोटोमॅक नदीवर सुमारे तीन हजार फूट अंतर उडाले, तेव्हा त्याची साक्ष आणि छायाचित्र दोन्ही राहिली. तशी कोणतीही समकालीन साक्ष मरुत्सखाच्या उड्डाणाची पुढे आलेली नाही. पाऱ्याविषयी म्हणावे तर तो पाण्याच्या साडेतेरा पट जड, ३५७ अंशांना उकळणारा, आणि त्याची वाफ विषारी. विमानात तो ओझे होईल, बळ होणार नाही.

म्हणून आमचे मत स्पष्ट आहे. तळपदे यांनी विमान उडविले असे म्हणण्यास आधार नाही. त्यांनी विमान करण्याचा यत्न केला, असे म्हणण्यास मात्र आहे, आणि तेवढ्यानेही ते आदरास पात्र ठरतात.

हे लिहिताना आम्ही ज्या गावी राहतो त्या तंजावराचा विचार वारंवार मनात येतो. येथील सरस्वती महाल ग्रंथालयात विमानशास्त्राची पोथी आहे काय, अशी पृच्छा आम्हांला महाराष्ट्रातून येणाऱ्या पाहुण्यांनी केली आहे. त्यांना आम्ही जे दाखवितो ते निराळेच असते. येथे गजशास्त्राच्या आणि अश्वशास्त्राच्या सचित्र पोथ्या आहेत. हत्तीला काय झाले असता काय द्यावे, घोड्याची लक्षणे कोणती, हे तीत सांगितले आहे; कारण ते लिहिणाऱ्यांनी हत्ती आणि घोडे पाळले होते. बर्नेल नावाच्या इंग्रज न्यायाधीशाने या राजवाड्यातील संस्कृत हस्तलिखितांची वर्गवार सूची १८८० साली छापली, म्हणजे कोणती पोथी येथे होती याची नोंद तळपदे सोळा वर्षांचे असतानाच झाली होती. आणि सरफोजी महाराज! १७९८ साली गादीवर बसलेल्या आणि १८३२ साली दिवंगत झालेल्या या भोसले राजाने राज्य गेल्यावर ग्रंथ जमविले, छापखाना काढला, धन्वंतरी महालात रोग्यांवर उपचार करविले. नेत्ररोग्यांची टिपणे डोळ्यांच्या चित्रांसह, उपचारांच्या तपशिलासह आजही ग्रंथालयात जतन आहेत. आज दोनशे वर्षांनी नेत्रवैद्य येऊन ती वाचू शकतात. तळपदे यांच्या मरुत्सखाचे असे एक टिपण, पंखांच्या मापाचा एक कागद जरी राहिला असता, तरी त्यांचे चरित्र निराळे लिहिले गेले असते.

राइट बंधूंच्या कथेतही आरंभ ग्रंथांपासूनच आहे, हे पुष्कळांना ठाऊक नसते. विल्बर राइट यांनी १८९९ च्या मे महिन्यात वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संस्थेला पत्र लिहून उड्डाणविषयक पुस्तकांची माहिती मागितली. शनूट, लिलिएंथाल, लँगली यांचे लेखन त्यांनी वाचले. लिलिएंथालचे कोष्टक प्रमाण धरून पतंग आणि ग्लायडर केले. ते अपेक्षेप्रमाणे उचलेनात, तेव्हा १९०१ साली सायकलच्या दुकानातच वाऱ्याचा बोगदा बांधला आणि पंखांचे सुमारे दोनशे नमुने तपासून स्वतःचे कोष्टक केले. ज्या लिलिएंथालला ते गुरू मानीत त्याचे आकडे बाजूस ठेवताना त्यांना संकोच वाटला नाही. १७ डिसेंबर १९०३ रोजी पहिले उड्डाण झाले ते बारा सेकंदांचे आणि एकशे वीस फुटांचे, बारा अश्वशक्तीच्या इंजिनावर. तळपदे यांचे ग्रंथ मात्र पूज्य होते. पूज्य ग्रंथ चुकला असे कसे म्हणावे? यंत्र उडाले नाही तर अर्थ आपल्याला लागला नाही असे मानायचे, आणि पुन्हा पोथीकडे वळायचे. त्यांच्या वाटेतला खरा अडसर पैशापेक्षा हाच असावा, अशी आमची समजूत आहे.

१९०७ साली तळपदे यांनी 'प्राचीन विमानकलेचा शोध' हे पुस्तक प्रसिद्ध केले. म्हणजे ज्या काळात राइट बंधू आपले विमान लष्करांना विकण्याची खटपट करीत होते, त्या काळात मुंबईत आपला शिक्षक पोथ्यांतील विमानाचा पाठपुरावा करीतच होता. त्यांच्या उरलेल्या आयुष्यात विमान त्यांच्या दाराशी आले. मार्च १९१० मध्ये मद्रासेत डी'अँजेलिस नावाच्या हॉटेलमालकाने सिम्पसन कंपनीच्या कारखान्यात बांधून घेतलेले विमान उडविले. फेब्रुवारी १९११ मध्ये अलाहाबादेस विमानातून टपाल गेले. त्याच्या आदल्या महिन्यात आपल्या मराठवाड्यात, औरंगाबादेजवळ, घोडदळाच्या युद्धसरावात ब्रिस्टल बॉक्सकाइट जातीचे विमान वापरले गेले. ज्यूलरो हे फ्रेंच वैमानिक चालवीत होते आणि कॅप्टन ब्रँकर वरून शत्रूपक्षाचे घोडदळ हेरीत होते. हिंदुस्थानात लष्करासाठी विमान वापरले गेल्याच्या अगदी पहिल्या प्रसंगांपैकी हा एक. अजिंठ्याच्या गंधर्वांपासून ही जागा फार दूर नाही. दख्खनच्या घोडदळाचा इतिहास ठाऊक असणाऱ्या मराठी माणसाला त्या दृश्यात बरेच काही दिसेल. त्याच वर्षी नोव्हेंबरात इटालियन वैमानिकाने लिबियात विमानातून बाँब टाकले, आणि शाल्वाचे सौभ पोथीतून बाहेर आले. पहिल्या महायुद्धाच्या ऐन धुमश्चक्रीत, विमाने युरोपच्या आकाशात एकमेकांवर गोळ्या झाडीत असता, तळपदे यांनी मुंबईत देह ठेवला.

त्यांच्यामागे कथा वाढत गेली. बंगळूरकडील पंडित सुब्बराय शास्त्री यांनी १९१८ ते १९२३ या वर्षांत 'वैमानिकशास्त्र' नावाचा संस्कृत ग्रंथ सांगितला आणि तो भरद्वाज ऋषींचा म्हणून प्रसिद्धीस आला. १९५९ साली त्याचे हिंदी रूप, आणि १९७३ साली म्हैसूरहून इंग्रजी भाषांतर निघाले. शकुन, सुंदर, रुक्म आणि त्रिपुर अशा चार विमानांची चित्रेही त्यात आहेत. ती एल्लप्पा नावाच्या आधुनिक आरेखकाने काढलेली. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील मुकुंद, देशपांडे, नागेंद्र, प्रभू आणि गोविंदराजू या पाच संशोधकांनी १९७४ साली या ग्रंथाची कसून तपासणी केली. त्यांनी चेष्टा केली नाही. संस्कृत पाहिले, छंद पाहिले, शास्त्रीबुवांच्या माणसांना भेटले, मग गणित मांडले. हा ग्रंथ १९०४ च्या आधीचा नव्हे आणि त्यातील एकही यंत्र उडण्याजोगे नाही, असा निष्कर्ष त्यांनी दिला. त्याच निबंधात आपल्या चरित्रनायकाचाही उल्लेख येतो. शास्त्रीबुवांच्या मार्गदर्शनाने मुंबईच्या तळपदे यांनी काही प्रतिकृती केल्या, पण त्या उडाल्या नाहीत, अशी माहिती त्या संशोधकांना मिळाली. चौपाटीच्या कथेइतके लक्ष या वाक्याकडे गेले नाही. जानेवारी २०१५ मध्ये मुंबईच्या विज्ञान परिषदेत प्राचीन विमानांवर निबंध वाचला गेला, त्यावर देशभर वाद झाला, आणि त्याच महिन्यात तळपदे यांच्यावर बेतलेला 'हवाईजादा' हा हिंदी चित्रपटही आला. चित्रपटात अर्थातच विमान उडते.

आमच्या मंडळातील मुलांपुरते बोलायचे तर हा वाद पोथीतला नाही. तंजावरची धावपट्टी दुसऱ्या महायुद्धातली. १९४२ साली येथे ब्रिटिश हवाई दलाची ३६ वी तुकडी वेलिंग्टन विमानांसह नव्याने उभी राहिली आणि बंगालच्या उपसागरावर टेहळणी करीत असे. जानेवारी २०२० मध्ये येथेच आपल्या हवाई दलाची २२२ वी तुकडी सुखोई विमानांसह दाखल झाली. बृहदीश्वराच्या शिखरावरून ती विमाने जाताना आमची मुले रोज पाहतात, आणि शाळेत तमिळ, तेलुगू सोबत्यांबरोबर बसतात. त्यांनी भाषणात १८९५ ची कथा सांगितली आणि एखाद्या चौकस सोबत्याने पुरावा विचारला, तर मुलगा खाली मान घालील. आणि तळपदे यांचे खरे श्रमही त्याच्या लेखी खोटे ठरतील. आमचा जीव अडकला आहे तो येथे. मराठी उड्डाणाचा अभिमान हवाच असेल तर मुंबईच्या लेफ्टनंट श्रीकृष्ण वेलिंगकर यांचे नाव मुलांना सांगावे. केंब्रिजला शिकलेला हा तरुण वैमानिक झाला, फ्रान्समध्ये डॉल्फिन जातीच्या लढाऊ विमानातून लढला आणि जून १९१८ मध्ये मृत्युमुखी पडला. हँगार्ड येथे त्याची समाधी आहे, आणि दफ्तरात त्याच्या तुकडीचा क्रमांक आहे.

एक विनंती करून हा लेख पुरा करतो. आपल्या सभासदांपैकी अनेकांची मूळ घरे मुंबईत, गिरगाव, ठाकुरद्वार, चिराबाजार या भागांत आहेत. सुटीत घरी जाल तेव्हा माळ्यावरच्या जुन्या पेट्या एकदा उघडून पाहाव्या. १९०७ च्या पुस्तकाची प्रत, कलाशाळेतील एखादे छायाचित्र, १८९५ च्या सुमाराचा वृत्तपत्राचा कपटा, मरुत्सखाचा साधा आराखडा, काहीही हाती लागले तर त्याची छायाप्रत मंडळाच्या पत्त्यावर धाडावी. कपट्यावर तारीख असल्यास ती कापली जाणार नाही, एवढी काळजी घ्यावी.